पार्टीसाठी कोळंबीचा थंड स्प्रेड: पाणी सुटू नये म्हणून काय काय करायचं

संध्याकाळी सहाला भांड्यात छान घट्ट दिसलेला स्प्रेड आठला पाहुण्यांसमोर येतो, तेव्हा कडेला पांढरट पाणी साचलेलं असतं. कोळंबी रबरासारखी चिवट लागते. पहिल्या दोघातिघांनी घेतल्यावर ते भांडं तसंच पडून राहतं. ज्यांनी ज्यांनी मला हे सांगितलं, त्यांना मी एकच विचारते, काय कधी घातलं? उत्तर बहुतेक वेळा सारखंच येतं: कोळंबी कोमट असतानाच चक्क्यात घातली, वर कच्चा कांदा, लिंबू आणि मीठ एकदमच टाकलं, मग फ्रिजमध्ये ठेवलं.

या पदार्थाला हुशारी फारशी लागत नाही. भांड्यात जाणारी प्रत्येक गोष्ट आधी कोरडी आणि आधी गार हवी, एवढं सांभाळलं की झालं. खालची सगळी कृती त्याभोवतीच फिरते. इथे मी कोळंबीच घेतली आहे. चिंबोरीचा गर काढायला फार वेळ जातो आणि कवचाचा एखादा तुकडा हमखास राहून जातो. पॅकेटातल्या क्रॅब स्टिक म्हणजे बहुतेक वेळा पांढऱ्या माशाच्या लगद्याला दिलेला खेकड्याचा रंग आणि वास, त्यामुळे त्याही नकोत.

काय लागेल

बाकीचे दोन-तीन स्टार्टर असतील तर पंधरा-सोळा जणांना पुरेल असं हे माप आहे.

- मध्यम कोळंबी, डोकं आणि सालांसकट: १ किलो
- घट्ट चक्का: २५० ग्रॅम (साधारण पाऊण किलो सायीच्या दह्याचा)
- साधं क्रीम चीज: १०० ग्रॅम
- काळी मोहरी: ३ चहाचे चमचे
- टोमॅटो केचप: ५ मोठे चमचे
- कांद्याच्या पातीचा फक्त हिरवा भाग, बारीक चिरून: ३ मोठे चमचे
- हिरवी मिरची: १, बिया काढून अगदी बारीक चिरलेली
- लिंबं: २
- कोथिंबीर: अर्धी जुडी, देठं वेगळी
- काळी मिरी, मीठ, चिमूटभर साखर
- पिण्याच्या पाण्याचा बर्फ: किमान दीड किलो, शिवाय वाढताना परातीत घालायला वेगळा

क्रीम चीज का, असं बऱ्याचजणी विचारतात. नुसत्या चक्क्याला मीठ लागलं की तो पुन्हा पाणी सोडतो. थोडं क्रीम चीज त्याला बांधून ठेवतं आणि आंबटपणाही आवरतो. ते मिळालं नाही तर बाटलीतलं मेयोनेज चार मोठे चमचे घाला. घरी कच्च्या अंड्याचं केलेलं मेयोनेज मात्र या पदार्थात नको, कारण हे भांडं बराच वेळ टेबलावर राहणार आहे.

टप्पा १: आदल्या रात्री चक्का आणि बर्फ

दही मलमलच्या फडक्यात बांधा, चाळणीत ठेवा, चाळणी पातेल्यावर ठेवा आणि हे सगळं फ्रिजमध्ये जाऊ द्या. फडक्यावर एखादी जड वाटी ठेवा. आपल्याकडे पुरचुंडी नळाला टांगायची सवय आहे. मुंबईच्या किंवा कोकणच्या हवेत असं रात्रभर टांगलेलं दही सकाळपर्यंत इतकं आंबतं की त्यापुढे कोळंबीची गोडी उरतच नाही. श्रीखंडात साखर तो आंबटपणा झाकते, इथे झाकायला काहीच नाही.

फ्रिजमध्ये दहा-बारा तास लागतात. खाली जमलेलं पाणी सकाळी पोळ्यांच्या कणकेत वापरा.

तयार चक्का आणणार असाल तर घेतानाच चव बघा. डेअरीतला चक्का पुष्कळदा श्रीखंडाच्या हिशेबाने आंबट असतो.

*तपासा:* चक्क्यात चमचा उभा रोवून हात सोडा. कलंडला तर अजून दोन तास. चक्क्याचा छोटा गोळा टिश्यूवर दाबा. टिश्यू नुसती दमट झाली तर ठीक, भिजून आरपार ओली झाली तर अजून तयार नाही.

बर्फही आदल्या दिवशीच लावा. ट्रेमधले चौकोनी तुकडे पुरणार नाहीत, दोन-तीन डब्यांत पाणी गोठवून ठेवा. मासळीवाल्याकडचा किंवा हातगाडीवरचा बर्फ मासे टिकवण्यासाठी असतो. शिजलेल्या कोळंबीला तो लागू देऊ नका.

कोथिंबीर आणि कांद्याची पातही रात्रीच धुऊन फडक्यावर पसरून ठेवा. चिरायची मात्र दुसऱ्या दिवशी, आयत्या वेळी.

टप्पा २: कोळंबी निवडणं

मुंबईत ससून डॉकच्या मासळी बाजाराला पहाटे जाणाऱ्यांना मी वेगळं काय सांगणार? पण बहुतेकजण घराजवळच्या बाजारातच घेतात, म्हणून चार गोष्टी. डोकं धडाला घट्ट हवं, लोंबतं नको. साल चकचकीत आणि अंगाला चिकटलेलं हवं. वास समुद्राच्या पाण्याचा यावा, अमोनियासारखा नाकात जाणारा दर्प आला तर पुढे व्हा. डोक्यापाशी आणि पायांपाशी काळे डाग दिसले तर कोळंबी पकडून वेळ झालाय. असली कोळंबी तिखट रश्श्यात एखाद्या वेळी निभावून जाते, पण थंड पदार्थात मसाला नसतो, त्यामुळे शिळेपणा लगेच कळतो.

आकार मध्यम घ्या, किलोला ४० ते ५० नग बसतील असा. फार मोठी सोलट शोभेला छान, पण चिरून घालायची असल्याने पैसे वाया जातात. करंदी नको, ती शिजून इतकीशी होते की चक्क्यात सापडत नाही.

जून आणि जुलैमध्ये आपल्या किनाऱ्यावर यांत्रिक नौकांना मासेमारी बंद असते. गटारीची पार्टी बहुतेक याच काळात किंवा त्याच्या अगदी पुढेमागे येते. तेव्हा बाजारात दिसणारी कोळंबी खाडीतली, तळ्यात वाढवलेली व्हेनामी किंवा शीतगृहातली असते. व्हेनामी या पदार्थाला चांगली चालते. चव थोडी सौम्य, पण आकार एकसारखा, त्यामुळे शिजतेही एकसारखी. फक्त "आज सकाळची" म्हणून शीतगृहातली घेऊ नका.

कोळीण मावशी साफ करून देतात. मी या पदार्थासाठी तरी नको म्हणते. एक तर डोकी आणि सालं आपल्याला हवी आहेत. दुसरं, तिथे एकाच फळीवर आणि एकाच बादलीतल्या पाण्यात दिवसभराची मासळी साफ होते. "मावशी, तशीच द्या, घरी सोलते" म्हणायचं.

गोठवलेली आणणार असाल तर पाकिटावर निव्वळ वजन वाचा, कारण कोळंबीवर बर्फाचा पातळ थर दिलेला असतो आणि तोही तराजूत मोजला जातो. वितळवायची ती फ्रिजमध्ये, रात्रभर, चाळणीत. घाई असेल तर बंद पिशवीत घालून गार पाण्यात अर्धा-पाऊण तास. ओट्यावर उघडी ठेवून वितळवली की बाहेरून कोमट आणि आतून गोठलेली राहते, आणि ती बाहेरची बाजूच आधी बिघडते.

अमेरिकेत किंवा इंग्लंडात असाल तर शिजवून गोठवलेली कोळंबी सगळीकडे मिळते. ती पुन्हा उकळू नका, थेट पाचव्या टप्प्यावर या. तिच्यात पाणी जास्त असतं, म्हणून कोरडी करण्याचा वेळ दुप्पट धरा. तसंच अमेरिकेत नगांचा आकडा पौंडामागे दिलेला असतो. तिथे २१/२५ म्हणजे आपल्या हिशेबाने किलोला पन्नासच्या आसपास.

टप्पा ३: सोलणं

डोकं पिरगळून काढा. सालं काढा, शेपटीसुद्धा. पाठीवर उथळ चीर देऊन काळा दोरा उचला. चीर खोल गेली तर कोळंबी शिजताना उलगडते आणि वर मांडायला वाईट दिसते. वाहत्या पाण्याखाली एकदाच धुवा. पाण्यात भिजत ठेवलेली कोळंबी पाणी पिते, आणि तेच पाणी रात्री चक्क्यात उतरतं.

एक किलोतून साधारण अर्धा किलो सोललेली कोळंबी निघते, शिजून ती ४०० ग्रॅमच्या आसपास राहते. वजन कमी आलं म्हणून घाबरू नका, माप याच हिशेबाने दिलं आहे.

*सावध:* हात सवयीने हळदीच्या डब्याकडे जातो. हळद-मीठ लावलेली कोळंबी कालवणाला हवीच, पण इथे चक्का पिवळा पडेल आणि कच्च्या हळदीचा वास वर येईल. लिंबूही आत्ता पिळू नका. लिंबाने कोळंबी पांढरी दिसते म्हणून ती शिजली असं काहींना वाटतं. आंबटाने रंग बदलतो, जंतू मरतीलच असं नाही. शिजवणं आचेनेच झालं पाहिजे.

सोललेली कोळंबी झाकून फ्रिजमध्ये ठेवा. आता तिची डोकी आणि सालं कामाला येतात.

टप्पा ४: सालांचं पाणी आणि शिजवणं

बिघडायची सगळ्यात जास्त शक्यता इथेच असते, म्हणून इथे घाई नको.

मोठ्या पातेल्यात तीन लिटर पाणी, सगळी डोकी आणि सालं, कोथिंबिरीची देठं, दहा-बारा मिरीदाणे आणि एका लिंबाच्या सालीचा पिवळा भाग घाला. पांढरा भाग आला तर पाणी कडवट होतं. उकळी आल्यावर पंधरा मिनिटं मध्यम आचेवर ठेवा, वर येणारा फेस काढा. गाळा. पाण्याला केशरी झाक आणि गोडसर वास येतो. साध्या पाण्यात उकळलेली कोळंबी आपली चव पाण्याला देऊन मोकळी होते. या पाण्यात शिजली तर चव तिच्यातच राहते. या एका पायरीमुळे पदार्थ किती सुधारतो हे करून बघितल्याशिवाय पटत नाही.

गाळलेलं पाणी पुन्हा उकळा, तीन मोठे चमचे मीठ घाला. ते थोडं जास्तच खारट लागलं पाहिजे. शेजारी मोठ्या भांड्यात बर्फ, पिण्याचं पाणी आणि दोन मोठे चमचे मीठ तयार ठेवा. झारा हाताशी हवा. हे सगळं मांडल्याशिवाय कोळंबी पाण्यात टाकायची नाही.

खळखळून उकळी आली की गॅस बंद करा. कोळंबी सोडा, एकदा हलवा, झाकण ठेवा. मध्यम आकाराला तीन मिनिटं, मोठ्याला चार. मोबाइलवर वेळ लावा, अंदाजाने करू नका.

गॅस बंद का? उकळत्या पाण्यात बाहेरचा थर आतल्यापेक्षा कितीतरी आधी शिजतो, आणि मधला भाग होईपर्यंत बाहेरून दोरीसारखी चिवट होते. भरपूर गरम पण न उकळणाऱ्या पाण्यात ती आतबाहेर सारखी शिजते. पाणी तीन लिटर सांगितलं तेही याचसाठी. लिटरभरच पाणी घेतलं तर थंड कोळंबी पडल्याबरोबर ते निवतं आणि मधला भाग कच्चा राहतो.

*तपासा:* सगळ्यात मोठी कोळंबी काढून जाड बाजूला मधोमध कापा. आत काचेसारखा पारदर्शक ठिपका दिसायला नको, पांढरं-गुलाबी एकसारखं हवं. आकार इंग्रजी सी अक्षरासारखा वळलेला असेल तर बरोबर. शेपूट डोक्याकडच्या बाजूला टेकून गोल कडं झालं असेल तर जास्त शिजली. स्वयंपाकाचा थर्मामीटर असेल तर मधोमध ६३ अंश सेल्सिअस बघा.

पारदर्शक दिसली तर आणखी अर्धा मिनिट. पुन्हा कापून बघा.

टप्पा ५: गार करणं, मग कोरडं करणं

झाऱ्याने काढून सरळ बर्फाच्या पाण्यात. बाहेर काढलेली कोळंबी आतल्या उष्णतेने शिजतच राहते, ते इथे थांबतं. बर्फाच्या पाण्यात मीठ घालायला सांगितलं ते चव धुऊन जाऊ नये म्हणून. दोन ते तीन मिनिटं पुरे. पाव तास ठेवून विसरलात तर ती पाणी पिऊन बसेल.

चाळणीत दहा मिनिटं निथळा. स्वच्छ सुती फडक्यावर किंवा टिश्यूवर एका थरात पसरा, वरून दुसरं फडकं दाबा. मग ताटात कोरड्या टिश्यूवर एका थरात, झाकण न लावता, फ्रिजमध्ये तासभर. फ्रिजमधली कोरडी हवा उरलेला ओलावा ओढून घेते. फ्रिजमध्ये शेजारी उघडी कच्ची मासळी किंवा मटण असता कामा नये.

तासाभराने बाहेर काढा. वर मांडायला दहा-बारा सुबक कोळंब्या बाजूला ठेवा. बाकीच्या हरभऱ्याएवढ्या चिरा. मिक्सर अजिबात नको, एका झटक्यात त्याचा चिकट लगदा होतो. चिरल्यावर आतलं पाणी पुन्हा बाहेर येतं, म्हणून चिरलेली कोळंबी टिश्यूत गुंडाळून आणखी एकदा हलकेच दाबा. हे दुसऱ्यांदा दाबणं जवळपास सगळेच विसरतात. पांढरं तळं साचतं ते बऱ्याच अंशी या पाण्याचं.

टप्पा ६: मोहरी फेसणं

परदेशात अशा थंड कोळंबीबरोबर लाल सॉस असतो, त्यात केचप आणि हॉर्सरॅडिश नावाचं तिखट मूळ किसून घातलेलं असतं. ते इथे सहज मिळत नाही म्हणून लोक बाटलीतला पिवळा मस्टर्ड सॉस किंवा लाल तिखट घालतात. दोन्हीने तो नाकात चढणारा झणका येत नाही. आपल्या घरात त्याला उत्तम जोड आहे, फेसलेली मोहरी. हॉर्सरॅडिशमध्ये आणि काळ्या मोहरीत झणका आणणारं द्रव्य एकच आहे, अलाइल आयसोथायोसायनेट. म्हणजे आजीच्या काकडीच्या कोशिंबिरीतली मोहरी आणि हा सॉस मुळात शेजारीच आहेत.

हे द्रव्य दाण्यात तयार नसतं. दाणा फुटून पाणी लागलं की दाण्यातलाच एक पाचक घटक ते तयार करतो. म्हणूनच क्रम महत्त्वाचा.

मोहरी कोरडीच मिक्सरच्या लहान भांड्यात किंवा खलात बारीक करा. वाटीत काढा, दोन मोठे चमचे गार पाणी, चिमूटभर मीठ आणि चिमूटभर साखर घाला आणि चमच्याने जोरात फेसा. तीन-चार मिनिटांत रंग फिका होतो, मिश्रण हलकं होतं आणि नाक चुरचुरायला लागतं. दहा मिनिटं झाकून ठेवा. त्यानंतरच अर्धा चमचा लिंबाचा रस घाला.

*सावध:* गरम पाणी घातलं तर तो घटक मरतो आणि हातात नुसती कडू पेस्ट राहते. लिंबू आधी घातलं तरी झणका अपुरा राहतो. दहा मिनिटांनंतर घातलेलं लिंबू मात्र तयार झालेला झणका टिकवून धरतं. आदल्या दिवशी फेसलेली मोहरी दुसऱ्या दिवशी मवाळ पडते, त्यामुळे हे काम पार्टीच्याच दिवशी करायचं.

मोहरीचे दोन भाग करा. एक भाग केचपमध्ये घालून, वर ताजी मिरी कुटून लाल सॉस तयार करा आणि झाकून फ्रिजमध्ये ठेवा. दुसरा भाग चक्क्यासाठी.

टप्पा ७: मिसळणं

क्रीम चीज वीस मिनिटं बाहेर ठेवून मऊ करा. चक्का श्रीखंडाला करतो तसाच पुरणयंत्रातून किंवा बारीक चाळणीतून काढा. हे टाळलं की खाताना जिभेवर रवा आल्यासारखं वाटतं.

आता या क्रमाने: चक्का आणि क्रीम चीज एकजीव करा. फेसलेली मोहरी, मिरीपूड, हिरवी मिरची, दुसऱ्या लिंबाची किसलेली पिवळी साल घाला. चव बघा. कोळंबी न खाणाऱ्यांसाठी वेगळा वाडगा काढायचा असेल तर तो याच वेळी, नव्या चमच्याने. गुरुवार किंवा संकष्टी पाळणारे कुणीतरी असतंच, आणि नुसता हा चक्कासुद्धा काकडीबरोबर छान लागतो. मग चिरलेली कोळंबी आणि कांद्याची पात घालून उलथन्याने हलकेच खालीवर करा. शेवटी एक चमचा लिंबाचा रस.

मीठ? आत्ता नाही. कोळंबी खाऱ्या पाण्यात शिजली आहे, चीजमध्येही मीठ असतं. अर्ध्या तासाने थंड चव बघून लागलं तर चिमूटभर. बहुतेक वेळा लागत नाही.

कच्चा कांदा का नाही, हे विचारणाऱ्यांसाठी: चिरलेला कांदा मीठ लागल्याबरोबर पाणी सोडतो आणि दोन तासांनी त्याचा उग्र दर्प सगळ्या भांड्यात उतरतो. काकडी आणि टोमॅटो तर आत घालायचेच नाहीत. काकडी बाहेर, चकत्या करून, डिप करायला.

झाकून फ्रिजमध्ये निदान एक तास, जास्तीत जास्त चार. तासाभरात चव मुरते, चारच्या पुढे कोळंबीचा पोत मऊ पडायला लागतो.

*तपासा:* अर्ध्या तासाने वाटी तिरकी करा. कडेला पाणी दिसलं तर अजूनही काही बिघडलं नाही. वरचं पाणी टिश्यूने टिपून घ्या, दोन चमचे चीज किंवा चक्का आणखी घाला. पाण्यासकट ढवळू नका.

टप्पा ८: वाढणं

इथे सगळं एका मोठ्या देखण्या काचेच्या भांड्यात काढायचा मोह होतो. तसं करू नका. दोन लहान वाडग्यांत भरा. एक टेबलावर, दुसरा फ्रिजमध्ये.

परातीत बर्फ पसरून त्यात वाडगा अर्धा रुतवा. वितळलेलं पाणी वाडग्यात येऊ नये म्हणून काठ दोन बोटं वर हवा. चक्का सपाट करा, वर लाल सॉसचा पातळ थर, त्यावर बाजूला ठेवलेल्या कोळंब्या, आयत्या वेळी चिरलेली कोथिंबीर. हे सगळं पाहुणे आल्यावर. सॉस आधी ओतून ठेवला की लाल पाणी खाली उतरतं.

बरोबर कडक ब्रून पावाच्या पातळ चकत्या तव्यावर मंद आचेवर कोरड्या भाजून द्या. गोव्यात असाल तर पोई (तिथला पाव) कापून तशीच भाजा. साधा खाकराही चांगला लागतो. बटाट्याचे वेफर्स नकोत, ते मोडतात आणि खारटपणा दुप्पट होतो. मऊ ब्रेडने स्प्रेड पातळ वाटतो.

वेळेचं गणित पाळाच. पाच ते साठ अंश सेल्सिअसच्या मधे जंतू झपाट्याने वाढतात. एसी खोलीत बर्फावर ठेवलेला वाडगा दोन तासांपर्यंत ठीक. गच्चीवर, अंगणात, ३२ अंशांच्या वर हवा असेल तर फक्त एक तास. त्यानंतर तो उचला आणि दुसरा आणा. जुन्या वाडग्यात नवा स्प्रेड ओतून भर घालायची नाही, कारण उबट झालेलं जुनं तळाशी राहतं आणि त्याची वेळ कुणीच मोजत नाही.

*सावध:* पाहुण्यांना यात कोळंबी आहे हे तोंडाने सांगा, मुलं असतील तर त्यांच्या आईवडिलांना आधी. लाल सॉसखाली कोळंबी दिसत नाही. कोळंबी-खेकड्याची अ‍ॅलर्जी ज्या प्रथिनाने होते ते ट्रोपोमायोसिन शिजवून नाहीसं होत नाही, म्हणून "चांगली शिजवली आहे, थोडी खाऊन बघ" असा आग्रह कुणालाही करू नका. मोहरीचंही सांगा, काहींना तिचीही अ‍ॅलर्जी असते. कोळंबी नसलेल्या वाडग्याचा चमचा वेगळा आणि जागाही दूर.

रात्री आठच्या पार्टीचं वेळापत्रक

आदल्या रात्री चक्का, बर्फ, धुतलेली कोथिंबीर, गोठवलेली असेल तर कोळंबी फ्रिजमध्ये. सकाळी बाजार, आणलेली कोळंबी लगेच फ्रिजमध्ये. साडेअकराला सोलणं, साडेबाराला सालांचं पाणी, दीडच्या आत कोळंबी शिजून बर्फात. अडीचपर्यंत फ्रिजमध्ये उघडी, मग चिरून, दाबून, झाकून पुन्हा फ्रिजमध्ये. साडेचारला मोहरी, पाचला मिसळणं. साडेसातला ब्रून भाजणं. सव्वाआठला परातीत बर्फ.

सगळं आदल्या दिवशीच करून ठेवू का, असं नोकरी करणारे विचारतात. कोळंबी शिजवून, कोरडी करून, झाकून ठेवायला हरकत नाही, पण चोवीस तासांच्या आत ती पोटात गेली पाहिजे. मिसळणं आणि मोहरी मात्र त्याच दिवशी.

चुकलंच तर

कोळंबी जास्त शिजली: ती मऊ होत नाही. आणखी बारीक, डाळीएवढी चिरा, चिवटपणा कमी जाणवतो. वरच्या सजावटीसाठी चार-पाच नव्याने शिजवा, पाणी आहेच.

खारट झाली: साखर किंवा लिंबू वाढवू नका. बिनमिठाचा चक्का शंभरेक ग्रॅम आणखी घाला.

मोहरी कडू लागतेय: फार वेळ वाटली किंवा मिक्सरचं भांडं तापलं. ती टाकून नवी करा, तीन चमचे मोहरीचा प्रश्न आहे.

फार आंबट: क्रीम चीज वाढवा.

टेबलावर राहिलेला वाडगा रात्री परत फ्रिजमध्ये ठेवू नका, मग तो कितीही भरलेला असो. फ्रिजमधून बाहेरच न आलेला दुसरा वाडगा दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत खाता येतो. सालांचं पाणी मात्र कोळंबी काढल्यावर लगेच पुन्हा उकळून, निववून, डब्यात भरून गोठवा. खारट असतं, म्हणून पुढच्या कोळंबीभाताला वापरताना भातात वेगळं मीठ घालण्याआधी एकदा चाखून बघा.